पालखी जड झाली

एवढा मोठा बिशप निवृत्त होऊन कोरगावात राहतो आणि सकाळी दारात उभा राहून पोदेराकडून पाव घेतो, हे आमच्या कोल्हापूरच्या पाव्हण्यांना खरंच वाटत नाही. न वाटो! आमचा रुझारबाब तसलाच. बिशपाचा झगा अंगावर होता तेव्हाही तसलाच होता.

डिचोलीच्या खाणींकडे लाल धुळीनं पोरं खोकून बेजार झाली, तेव्हा हा खनिजाचे ट्रक अडवायला रस्त्यात खुर्ची टाकून बसला. पहिला ट्रक नेमका माझा. मी तोंडाला येईल ते बोललो. हा म्हणतो, "भिकाजी, आधी चाय घे, मग शिव्या दे." आता काय करणार? घेतली चाय.

दोन धर्मांनी आपसात बोलावं म्हणून लोक सभा भरवतात, हार घालतात. ह्याचं एकच म्हणणं, एकमेकांकडे जेवा आणि एकमेकांच्या मयताला जा. लॉकडाऊनात माझा भाऊ भैरू साखळी गावात छातीत कळ येऊन गेला. रोगाच्या भयानं सगळ्यांची दारं बंद. खांद्याला आम्ही तिघेच. चौथा खांदा सत्तरी ओलांडलेल्या बिशपाचा. मेलो तरी विसरायचा नाही मी ते.

शिगम्यात, म्हणजे आमच्या शिमग्यात, देवाची पालखी रुझारबाबच्या दारच्या खुरसापाशी, म्हणजे क्रुसापाशी थांबते, त्याच्या घरचा नारळ घेते. आज्या-पणज्यापासूनची रीत. यंदा देवळातल्या बैठकीत परेश उठला, शहरातून नवी अक्कल घेऊन आलेला. म्हणे, "पालखी क्रुसापाशी थांबणार नाही." बाकीचे चपला शोधू लागले. तिकडे रुझारबाबला त्याच्याच धर्माच्या काही जणांनी सुनावलं, बिशपानं हिंदूंच्या देवाला नारळ देऊ नये. दोन्हीकडून मार! म्हातारा हटला नाही. "बापानं दिला, मीही देणार. घ्यायचा की नाही ते तुम्ही बघा."

शिगम्याला भर दुपारी तो नारळ धरून उन्हात उभा. ढोल वाजवत आम्ही आलो. पुढचा दांडा आमच्या घराण्याचा, म्हणजे माझ्या खांद्यावर. परेश हात करत होता, "चला, चला!" खुरीस आला आणि मी पाय रोवले.

"चल रे भिकाजी!"

"कसो चलू? पालखी जड झाली! देव हलना नाय!"

आमच्यात पालखी जड झाली की ती देवाची मर्जी. तिथं कुणाच्या बापाचं चालत नाही. मागच्या दांड्याचा दीपक ओरडला, "माका पण जड लागता!" मग चौघेही.

परेश लालबुंद. "नाटकं करतंस?"

"माका काय विचारतंस? देवाक विचार!"

ढोल थांबले. गुरव गुमान पुढे झाला, नारळ घेतला, फोडला, एक वाटी प्रसाद म्हणून रुझारबाबच्या हातात परत दिली. पालखी लगेच हलली.

संध्याकाळी मी त्याच्या ओसरीवर बसलो होतो. त्यानं हळूच विचारलं, "देवाशपथ सांग भिकाजी, खरंच जड झाली होती?"

"झाली होती, बाब. भैरूएवढी जड. आणि पुढल्या शिगम्यालाही होणार."