पावातलं मीठ

वडील वर्ध्याला रेल्वेच्या एका साहेबाकडे स्वयंपाकी होते. स्वातंत्र्याला तेव्हा पाच-सहा वर्षं झाली होती. डब्यातलं चीज उरलं की मडम त्यांना देऊन टाकायची, आणि रविवारी जवळच्याच सिंदी मेघेच्या आमच्या घरी ते केळ्याचा पाव करायचे. काळी पडलेली केळी, कणीक, थोडा गूळ, सोडा आणि ते चीज. गंजात, म्हणजे मोठ्या पातेल्यात, तापलेली वाळू, झाकणावर निखारे. तो गोड-खारट पाव आम्ही भावंडं गरम गरमच संपवायचो.

एरवी स्वयंपाक आईचा. वडील पहिल्याच घासाला म्हणायचे, "मीठ कमी आहे." आई चिडायची. "तुमच्या साह्यबाले सांगा, मले नको."

वडील गेले. वर्षश्राद्धाला आईनं त्यांच्या आवडीचा तोच पाव केला. चीज कुठून आणणार? तिनं दूध फाडून त्याचा छेना घातला. वडील वेगळं मीठ घालत नसत, म्हणून तिनंही घातलं नाही. मीठ त्या चीजमध्येच असायचं, हे तिच्या ध्यानात आलं नाही. आणि नैवेद्याचं चाखून बघायचं नसतं.

नैवेद्य दाखवून आम्ही जेवायला बसलो. पाव नुसताच गुळमट लागत होता.

"कसा झाला?" आईनं विचारलं.

"बाबा करायचे तसाच," आम्ही म्हणालो.

शेवटी तिनं एक तुकडा तोंडात घातला आणि बराच वेळ चावत राहिली.

"तुमचे बाबा असते त त्यायनं सांगितलं असतं," ती म्हणाली.