पेरिपॅटस शोधताना

महायुद्ध संपलं त्या वर्षी मी नगरच्या एका शाळेत शास्त्र शिकवत होतो आणि स्वतःला मोठा संशोधक समजत होतो. मला पेरिपॅटस नावाचा प्राणी हवा होता. अंग गांडुळासारखं लांब, मखमलीसारखं मऊ, श्वसन किड्यासारखं, खाली आखूड पायांच्या रांगा. त्याला नेमकं कुठल्या वर्गात बसवायचं यावर पंडितांची भांडणं. आसामपलीकडच्या डोंगरात तो सापडला होता. मग आमच्या भंडारदऱ्यात का नसावा?

तिथं गेलो, तर ओढ्यात खेकडे धरणारा एक म्हातारा भेटला. त्यानं ओले हात धोतराला पुसून माझ्या पुस्तकातलं चित्र पाहिलं, मी सांगितलेलं वर्णन ऐकलं.

"किडा म्हनावा का गांडूळ, ठरंना व्हय? त्याला इचारलं का कुनी?"

मग तोही माझ्याबरोबर निघाला. दुपारी एका दगडाखाली काळसर, पुष्कळ पायांचं काहीतरी दिसलं आणि मी ओरडलोच. मी नमुना बुडवायच्या स्पिरिटच्या बाटलीचं बूच काढेपर्यंत म्हाताऱ्यानं त्याला बोट लावलं.

"मखमलीसारखं मऊ म्हनला ना, मास्तर? ह्ये तर टनक हाय."

तो साधा वाणी नावाचा किडा होता, दर पावसाळ्यात भिंतीवर चढणारा. मी चिडून पुढचा दगड उलटवला.

संध्याकाळी बाटलीत नुसतं स्पिरिट घेऊन परत फिरलो, तर वाटेत मी उलटवलेला एकही दगड उलटा नव्हता. माझ्यामागून येत म्हाताऱ्यानं प्रत्येक दगड, ओली बाजू खाली करून, होता तसा ठेवला होता.

"एवढा खटाटोप कशाला, बाबा?"

"तुमाला पायजे ते न्हाई घावलं, मास्तर. पर बाकीच्यांची घरं हायेत ही."