मटकीच्या प्रथिनाचे स्फटिक

बायकोच्या प्रयोगावरची काच मी तिच्या नकळत उचलली. चूक एवढ्यावर थांबली असती तर बरं झालं असतं.

आम्ही दोघं जामखेडच्या एकाच कॉलेजात शिकवतो. मी रसायनशास्त्र, ती जीवरसायन. प्रथिनाची रचना शिकवायला ती वर्गात गळ्यातली मण्यांची माळ काढते. कोणत्या मण्यामागे कोणता मणी, ही पहिली पातळी. माळ कुठे पिळाची होते, कुठे घड्यांची, ही दुसरी. मग ती सगळी माळ मुठीत गोळा करते, ही तिसरी. आणि अशा दोन-चार मुठी एकमेकींना बिलगल्या की चौथी. मी बाहेर व्हरांड्यात उभा राहून हे कितीदा ऐकलं असेल!

मटकीच्या दाण्यातलं एक प्रथिन तिनं शुद्ध केलं होतं. त्याचा आकार बघायचा तर आधी स्फटिक हवेत, मग त्यांच्यावर क्ष-किरण. स्फटिकांसाठी प्रथिनाच्या द्रावणाचे थेंब झाकून ठेवायचे आणि आठवडेच्या आठवडे वाट बघायची. स्टाफरूममधले एक सर तिला नेहमी डिवचायचे. "मॅडम, आता कॉम्प्युटर सांगतोय की आकार. कशापायी थेंब राखत बसलाय?"

"सर, तुमी फोटो बघूनच लग्न ठरवलं हुतं व्हय? भेटायला गेला नव्हता?" ती त्यांच्याच बोलीत म्हणायची.

कॉलेजात जनरेटरचे हादरे बसतात म्हणून थेंबांचा ट्रे, प्रत्येक खळग्यात एक थेंब आणि वर काचेचं झाकण असलेला, तिनं घरी कपाटात ठेवला. ती माहेरी गेली असताना मला राहवलं नाही. नीट दिसावं म्हणून एका खळग्यावरची काच उचलली, परत ठेवली. काच हवाबंद ठेवणारं कडेचं ग्रीस नीट बसलं नाही. आमच्याकडच्या कोरड्या हवेत थेंब आटला.

"अहो, आले! स्फटिक आले!" परत आल्यावर सूक्ष्मदर्शकावर वाकलेली ती ओरडली. मीही पाहिलं. त्याच खळग्यात होते. नको इतके लखलखीत. द्रावणातलं मीठच ते, हे मला तिथेच कळलं. प्रथिनाचा स्फटिक सुईनं दाबला की मऊ चुरा होतो, मिठाचा कडकन तुटतो. "सुई लावून बघ," एवढंच म्हणायचं होतं. पण मग काच कुणी उघडली, हे निघालं असतं. तिनंही आनंदाच्या भरात सुई लावली नाही. मी पेढे आणले.

तिनं स्फटिक पुण्याला पाठवले. तिथून क्ष-किरणांचं चित्र आलं. प्रथिनाच्या चित्रात ठिपक्यांची दाटी असते. इथे मोजके, लांबलांब. मीठ.

"मॅडम, मीठच पायजे हुतं तर दुकानातनं आणायचं की," ते सर म्हणाले. स्टाफरूम हसली. मीही ओठ दाबून हसल्यासारखं केलं, याची लाज आजही वाटते.

त्या रविवारी ती ट्रे धुवायला काढत होती. उरलेले थेंब अजून तसेच होते.

"राहू दे ना ते," मी म्हटलं.

"नको. माझा हातच तसला आहे. थेंब आटला, म्हणजे साधं झाकणही बसवता येत नाही मला. वर्गात शिकवीन, ते बास झालं."

मी नळ बंद केला.

"तुझं झाकण नीट होतं. तू नसताना मीच ते उघडलं. आणि ते मीठ आहे हे मला पहिल्या दिवशीच कळलं होतं, तरी पेढे आणले. स्टाफरूममध्ये तुला हसले तेव्हाही गप्प बसलो. माझं चुकलं. उद्या त्या सगळ्यांसमोर हेच सांगतो. मला माफ कर."