कान बघणारे आजोबा

आजोबांचे किस्से म्हणजे आमच्या ड्राइव्हवेवरचा स्नो. एक शोव्हल करून बाजूला टाकला की मागे वळेपर्यंत दुसरा साचलेला! म्हणून म्हटलं, सांगून मोकळा होतो.

आधी ओळख. हे माझे सख्खे आजोबा नाहीत. मिल्टनमध्ये आमच्यापासून दोन घरं सोडून एकटे राहतात. आजी गेल्या. मूळचे पुण्याचे, पण सगळं आयुष्य गेलं इटलीतली जुनी, रेनेसाँच्या काळातली चित्रं बघण्यात. कुठलं चित्र कोणी काढलं, खरं की नकली, हे ते सांगायचे. त्यांच्या एका लेखामुळे म्हणे एका म्युझियमने चित्राखालचं नाव बदललं. मी रिपोर्ट कार्डवरचा नुसता एक मार्क बदलला तर घरात केवढा तमाशा झाला होता!

त्यांची ट्रिक एकच. चेहरा बघायचा नाही. कान बघायचे, नखं बघायची. "चेहरा काढताना माणूस शहाणा असतो," ते म्हणतात. "कान काढताना तो घरच्यासारखा वागतो."

लोचा एवढाच की आता त्यांच्याच डोळ्यांत मधोमध धूर आलाय. कडेचं दिसतं, समोरचं नाही. त्यांची मुलगी मेधामावशी ब्रॉसार्डला, फ्रेंच बोलणाऱ्या भागात असते, ती त्यांना घेऊन जायला टपलीये. शेवटी डील झाली. ज्या दिवशी चित्रातला हात, म्हणजे ते कोणी काढलंय हे ओळखता येणार नाही, त्या दिवशी आजोबा घर विकून ब्रॉसार्डला.

"मला इटालियनमध्ये भांडता येतं," आजोबा मला म्हणाले. "फ्रेंचमध्ये नुसतं सॉरी म्हणता येतं. तिथे करू काय?"

*

डोळे धड होते तेव्हाची गोष्ट. मंडळाचा गणपती. आमच्याकडे विसर्जन म्हणजे कम्युनिटी सेंटरमागे प्लास्टिकच्या टबात एक डुबकी. अध्यक्ष कुलकर्णीकाकांनी माईकवर सांगितलं, यंदाची मूर्ती खास पेणहून मागवली आहे. टाळ्या.

आरती झाली. प्रसाद घेता घेता आजोबा शांतपणे म्हणाले की मूर्ती सुरेख आहे, गेल्या वर्षीही सुरेखच होती, फक्त तेव्हा पीतांबर हिरवा होता. डाव्या कानाची पाळी तीच.

हॉलमधले सगळे मूर्तीकडे वळले. कुलकर्णीकाका वर्षभर तिला बेसमेंटमध्ये ठेवून, रंग मारून घेऊन आले होते.

पण माणूस खमक्या. म्हणाले, "अहो, पुनरागमनाय च म्हणतोच की आपण!"

*

दिवाळी पॉटलक. जोशीकाकू सगळ्यांना सांगत फिरतायत की चकल्या घरी केल्या, हात दुखून आला. आजोबांनी एक उचलली, तिचं टोक बोटाने चाचपलं आणि म्हणाले, "जोशीबाई, हात किचनरचा आहे."

किचनरला एक बाई ऑर्डरवर फराळ करून देतात. चकलीचं टोक आत दाबून टाकायची त्यांची सवय.

जोशीकाकू पुढचे दोन महिने आजोबांशी बोलल्या नाहीत. आईने मात्र त्याच संध्याकाळी त्यांच्याकडून किचनरचा नंबर घेतला.

*

मग मला किडा चावला. म्हटलं, आजोबांनाच गंडवू.

थ्रिफ्ट स्टोअरमधून जुनी फ्रेम आणली. यूट्यूब बघून एक बाई काढली, मांडीवर बाळ. जुनं दिसावं म्हणून चित्रावर चहा ओतला आणि ओव्हनमध्ये भाजलं. आईला सांगितलं पिझ्झा आहे. कान तर असले काढले की मीच प्रेमात पडलो.

आजोबांनी चित्र नाकाजवळ नेलं. बराच वेळ धरलं. मला वाटलं, मारला सिक्सर!

"लेका," ते म्हणाले, "फ्लॉरेन्समध्ये चहात आलं घालत नव्हते. चहाच नव्हता."

आता ते चित्र त्यांच्या वॉशरूममध्ये लावलंय. येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला सांगतात, जाऊन या, आत ओरिजिनल आहे.

*

या विंटरमध्ये मात्र वाट लागली. मोठा स्नो पडला, आजोबांनी सकाळी उठून ड्राइव्हवे शोव्हल केला. एकदम क्लीन, कडा सरळ. फक्त ड्राइव्हवे शेजारच्या सिंग अंकलचा होता.

सिंग अंकल हातात कॉफी घेऊन बाहेर आले, हात जोडून थँक्यू म्हणाले. आजोबा क्षणभर थांबले. मग फावडं त्यांच्या हातात दिलं आणि म्हणाले, "अब आपकी बारी."

मी हसून हसून स्नोमध्ये पडलो. पण सिंग अंकलनी काळजीपोटी मेधामावशीला फोन केला. शनिवारी ती हजर. डील म्हणजे डील. टेस्ट!

*

मी आदल्या दिवशीच आजोबांना प्लॅन सांगितला होता. मावशी पोस्टकार्डवरची चित्रं दाखवणार. पोस्टकार्डच्या पाठीवर गाव छापलेलं असतं. मी तिच्या मागे उभा राहून वाचणार. फ्लॉरेन्स असेल तर एकदा खोकणार, व्हेनिस असेल तर दोनदा.

"मला कॉपी करायला शिकवतोस, गाढवा?" आजोबा म्हणाले. नको मात्र म्हणाले नाहीत.

पहिलं कार्ड. मी एकदा खोकलो. "फ्लॉरेन्स." बरोबर. दुसरं. दोनदा. "व्हेनिस." बरोबर. तिसऱ्याला मी टेन्शनमध्ये चुकून दोनदा खोकलो. आजोबांनी मान तिरकी केली, म्हणाले, "फ्लॉरेन्स. आणि त्या पोराचा घसा दाखवा कुणाला तरी." तेही बरोबर!

मावशीने कार्डं खाली ठेवली. मला वाटलं संपलं. तेवढ्यात तिने पर्समधून घडी घातलेला एक जाड, जुना कागद काढला, उलगडला आणि आजोबांच्या समोर धरला.

आता खोकू काय?

आजोबा पुढे वाकले. मान या बाजूला, मग त्या बाजूला.

"या चित्रकाराला कान काढता येत नाहीत," आजोबा सावकाश म्हणाले. "म्हणून सगळ्यांचे केस कानांवर ओढते. आईचेसुद्धा. दुसरीत होती तेव्हा किती शिकवलं. ऐकेल तर शपथ."

मावशीने कागदाची घडी घालून तो परत पर्समध्ये ठेवला. मग म्हणाली, "बाबा, दूध आहे ना घरात? चहा टाकते. मग निघते मी."

"एकटी?"

"एकटीच."

मी तिच्या मागेच उभा होतो ना. पिवळं घर, दारात तीन माणसं, सगळ्यांच्या कानांवर केस. मला सगळं दिसत होतं. चित्राची बाजू माझ्याकडे होती.

आजोबांकडे कोरी बाजू होती.