निरोप सांगण्याआधी

खळ घालून कडक इस्त्री केलेल्या गणवेशाला एक उष्ण, करकरीत वास असतो. तो हल्ली पुन्हा आमच्या घरात दरवळू लागला आहे. आमचे हे सुभेदार म्हणून निवृत्त झाले, तेव्हा तंजावुरातल्या या राजवाड्यामागच्या गल्लीत तरी शिस्तीचा जाच संपेल, अशी भाबडी आशा मी बाळगली होती. पण कसलं काय! एका तमिळ चित्रपटासाठी यांना लष्करी सल्लागार नेमलं गेलं आणि नटांचे गणवेश आमच्या पडवीत वाळू लागले. लष्करात टोपीशिवाय सलाम चालत नाही; तसा तो नटाने ठोकला, की हे भर चित्रीकरणात 'थांबा' म्हणून हात वर करून उभे राहतात. ज्यांना माझ्या साडीच्या निऱ्यासुद्धा रांगेत हव्यात, त्यांच्या नजरेतून परक्या पोरांच्या टोप्या कशा सुटाव्यात?

परवा मात्र वेगळंच घडलं. ओरत्तनाडूजवळच्या एका घरात चित्रीकरण होतं. मी डबा घेऊन गेले होते. प्रसंग असा, की शहीद जवानाचा मित्र वर्दीत त्याच्या आईच्या दारी येतो आणि ती किंचाळून कोसळते. दिग्दर्शिका मोठी गुणी मुलगी, तिने विचारलं, "सार, असंच होतं ना?"

पुष्कळ वर्षांपूर्वी, हे रजेवर असताना, पलटणीतून फोन आला होता. तशीच वर्दी चढवून हे पापनाशमला, आमच्यासारख्याच तंजावरी मराठी घरातल्या एका सोबत्याच्या आईकडे, त्याच्या मृत्यूचा निरोप घेऊन गेले होते. परत आल्यावर त्याविषयी एक अक्षर बोलले नाहीत, आणि मीही विचारलं नाही. इतक्या वर्षांच्या संसारात एखादं दार असं नुसतं लोटलेलंच राहतं, नाही का? आता यांनी दिग्दर्शिकेला नुसतं 'हो' म्हटलं असतं, तर हे सुटले असते; पण मग त्या माउलीच्या जागी पडद्यावर भलतीच कुणी कायमची उभी राहिली असती.

"नाही," हे म्हणाले. बोलता बोलता तमिळवरून मराठीवर कधी आले, ते त्यांनाही उमगलं नाही. मी एकेक वाक्य तमिळमध्ये सांगत गेले. म्हणजे मलाही ते तेव्हाच कळत होतं.

त्या सोबत्याची आई दारात आली. तिने यांना एकट्याला पाहिलं, चेहरा पाहिला. हे बोलणार, तोच तिने हात वर केला. "कांहीं बोलूं नको बा. पहिलें जेव."

आमच्याकडे मृत्यूची वार्ता उच्चारली, की घरची चूल विझते आणि शिजलेलं अन्न कुणी खात नाही. तिने केळीचं पान मांडलं, रसमभात वाढला, वर ताक वाढलं. यांना घास गिळवत नव्हता, पण पानावरून उठण्याचं धैर्यही होईना. लेकाचा मित्र उन्हातून आला आहे, त्याला उपाशी ठेवून रडायचं कसं, एवढीच तिची विवंचना! केवढं हे वात्सल्य! मी तमिळमध्ये सांगत राहिले.

"मग?" दिग्दर्शिकेने हळूच विचारलं.

हे स्वतःच्या हातांकडे पाहत होते. "मी हात धुतले. तिनं पदरानं ते पुसले. मग म्हणाली, 'आतां सांग.'"

तेवढे दोन शब्द काही केल्या माझ्याकडून तमिळमध्ये झाले नाहीत.