वाकलेली चाल

"चपला हातात घे आणि चालून दाखव," सर म्हणाले.

सरांच्या नागपूरच्या त्या ॲनिमेशन स्टुडिओत मी नवा होतो. पात्र काढण्याआधी आमच्यापैकी कुणीतरी ते करून दाखवायचं, त्याचं मोबाइलवर शूटिंग व्हायचं, मग ते बघून एकेक चित्र. रीतच तशी. राजा कोण, राक्षस कोण, यावर मस्करी चाले. मालकापुढून जाणाऱ्या गड्याची पाळी आली तेव्हा कुणी काही विचारलं नाही. सगळे माझ्याकडे बघू लागले.

"तुला ॲक्टिंगची गरज नाही. तुमच्याकडचंच आहे. नुसता चाल," सर म्हणाले.

मी चपला काढल्या. वाकलो. चाललो. पहिल्याच वेळी जमलं होतं, पण शूटिंग करणाऱ्याला हसू आवरेना म्हणून परत दोनदा.

तो गडी गाजला. पुढे मला लेखन मिळालं, दिग्दर्शन मिळालं, ते त्याच्याच जोरावर.

गावी, देवळीला, बाबांना कौतुकानं पिक्चर दाखवला. गडी आला तसे ते पुढे सरकले.

"हा तं माया बा हाय. मालकाच्या दारापुढून असाच जाये. तुले कोनं सांगतलं?"

कुणीच नाही. आजोबांना मी पाहिलेलंही नाही. तरी पाठ बरोबर तेवढीच वाकली होती.

बाबांनी पिक्चर थांबवायला लावला. मग म्हणाले, "तो हसवाले नोहता चालत, बापू."

या उन्हाळ्यात बाबा गेले. जलदान विधीला आलेल्या पाहुण्यांच्या मोबाइलवरही तो गडी चालत होता. ती चाल कुणाची, त्यांना ठाऊक नव्हतं. मला होतं. तो पिक्चरमधून काढून टाकता येत नाही. चित्रं माझी, हक्क स्टुडिओचा.

महिन्याभरानं सरांनी दुसरा भाग लिहायला सांगितला. मी गड्याला सरळ चालवलं. त्यांनी पानं परत केली.

"पोरं त्या चालीलाच हसतात. ती हवी."

"मी नाही काढणार."

"दुसरा काढेल."

"काढू द्या. पण चालून तुम्ही दाखवा, सर."

खोलीत कुणी हसलं नाही. मी बॅग उचलली.

आता देवळीतच चित्रं काढतो. एकटा. दिवसभरात जेमतेम दोन-तीन सेकंदांचं काम होतं. मनगट दुखतं. चीड जात नाही, जाऊही नये. माझ्या चित्रातला माणूस वाकेल तो पायातला काटा काढायला, कापूस वेचायला. माणसापुढे वाकलेलं एकही चित्र या हातातून आता निघणार नाही.