हिरो नक्की कुठला?

आमच्या दुबईच्या टीव्ही कंपनीच्या ऑफिसात स्क्रिप्ट वर्षभर रखडायच्या; किस्से मात्र दुपारच्या चहापर्यंत दोन-तीन जमायचे!

कॅनडात मी उत्तर आफ्रिकेतल्या कथाकथनावर जाडजूड प्रबंध लिहिला होता. दुबईला घरी परतले ती मोरोक्कोच्या एका पटकथाकाराची असिस्टंट म्हणून. नाव इद्रिस, पण सगळे त्यांना उस्ताद म्हणत. मला वाटलं होतं, आता ओळख, मुळं, आपलेपण यांवर रोज चर्चा झडणार! पहिल्याच दिवशी प्रबंध त्यांच्यापुढे ठेवला. त्यांनी तो उचलला, वजन पाहिलं आणि खिडकीला टेकवला.

"थँक यू हबीबी, ही सारखी आपटत होती!"

*

उस्तादांनी नव्या सिरियलचे संवाद अस्सल मोरोक्कन बोलीत लिहिले. वाचनाला आलेल्या इजिप्शियन आणि सीरियन नटांना त्यातलं ओ की ठो कळेना. शेवटी आमचा प्रॉडक्शनवाला कुट्टी पुढे सरसावला. तो पूर्वी एका मोरोक्कन शेफच्या हाताखाली होता. अरबांचं अरबी अरबांना समजावतोय कोण? त्रिशूरचा कुट्टी!

*

सिरियलचा हिरो मोरोक्कोत जन्मलेला, फ्रान्समध्ये वाढलेला, दुबईत नोकरी करणारा. मुदीर, म्हणजे आमचे मोठे साहेब, वैतागले.

"हा हिरो नक्की कुठला?"

"ते त्याला कळलं असतं, तर सिरियल दुसऱ्या एपिसोडलाच संपली असती!" उस्ताद म्हणाले.

सगळे हसले, मी सोडून. सिरियल नामंजूर झाली तर उस्तादांची नोकरी जाणार होती, आणि नोकरी गेली की व्हिसा खलास. सोळा वर्षं दुबईत काढलेला माणूस!

*

एका शुक्रवारी उस्ताद आमच्याकडे जेवायला आले. बाबांना विचारलं, "आपण कुठले?"

"रत्नागिरीचे!"

"शेवटचं कधी गेला होतात?"

"झाली चार वर्षं. आठ दिवस राहिलो."

"मग आपण दुबईचेच!"

"छे, छे! इथे आम्ही कामापुरते."

"कधीपासून?"

"सत्तावीस वर्षं!"

आई म्हणाली, "अहो, भात वाढू का?"

*

मंजुरीच्या मीटिंगमध्ये उस्तादांनी गोष्ट सांगायला घेतली. मुदीर खुर्चीच्या टोकावर. हिरो विमानतळावर उभा, हातात दोन देशांची दोन तिकिटं. फोनवर आई विचारतेय, "बाळा, घरी येतोयस ना?" हिरो तोंड उघडतो...

आणि उस्तादांनी फाइल मिटली! मोरोक्कोच्या चौकात कथेकरी ऐन मोक्याला असेच थांबतात. पण इथे चौक नव्हता, मुदीर होते.

"आणि शेवट?"

"सही झाल्यावर, इन्शाल्ला."

"शेवट नाही तर सही नाही!" मुदीर ताडकन उठून गेले.

मी उस्तादांना जिन्यात गाठलं. "सांगून टाका ना शेवट! व्हिसा जाईल तुमचा."

"अगं, असता तर सांगितला नसता?"

संध्याकाळी घरी मुदीरांचा फोन. आवाज एकदम मऊ.

"मी गोष्ट आईला सांगितली. आता ती जेवायला बसत नाहीये. म्हणते, तो पोरगा काय म्हणाला ते आधी सांग. तुला माहीत असेल ना?"

"उद्या बोलू, सर."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मुदीरांच्या केबिनमध्ये गेले, मंजुरीचा कागद त्यांच्यापुढे ठेवला, पेनचं टोपण काढलं आणि विचारलं, "आईंनी नाश्ता तरी केला का, सर?"